खडूच्या शेवटी काय उरते

एकदा एक विद्यार्थी आपल्या वृद्ध गुरुजींना कायमचे आपल्या घरी न्यायला आला. विद्यार्थी म्हटल्यावर कुणाच्या डोळ्यांसमोर दप्तर आणि अर्धी चड्डी आली असेल, तर ते चित्र पुसून टाकावे. हा विद्यार्थी पंचेचाळीस वर्षांचा होता, त्याच्या कानांवरचे केस पांढरे झाले होते, आणि पुण्याच्या एका संशोधनसंस्थेत तो पदार्थाच्या अगदी आतल्या कणांचा अभ्यास करीत असे. तिथली तरुण मंडळी त्याला ‘सर’ म्हणत आणि त्याच्या खोलीत शिरण्यापूर्वी दोनदा विचार करीत. पण काही माणसांच्या लेखी आपण आयुष्यभर विद्यार्थीच राहतो, आणि त्यात किती सुख असते हे बहुतेकांना ती माणसे गेल्यावर कळते. मुरलीधरला ते आधीच कळले होते.

गुरुजी राहत होते बालाघाटाच्या एका माळावर, बंद पडलेल्या शाळेत. या शाळेत एके काळी अर्धा दिवस पुस्तक आणि अर्धा दिवस हातांचे काम अशी पद्धत होती. मुले गणित शिकत आणि अंबाडीच्या वाखाचे, म्हणजे तिच्या सालीतून काढलेल्या धाग्यांचे, दोरही वळत. शाळा बंद होऊन अठरा वर्षे लोटली होती. मुले गेली, घंटा गेली, छपराची दोन-चार कौलेही गेली, पण तीन शिक्षक काही गेले नाहीत. गणित आणि विज्ञान शिकवणारे गुरुजी, दोर वळायला शिकवणारे दाजीबा, आणि वसतिगृहाचे स्वयंपाकघर सांभाळणाऱ्या अनसूयाबाई. तिघांनाही जायला घरे होती, निदान एकेक पुतण्या तरी होता. तरी तिघे तिथेच राहिले, आणि का राहिले हे त्यांना कुणी विचारले तर तिघे मिळून विचारणाऱ्यावरच चिडत.

मुरलीधर याच वसतिगृहात वाढला. दहा वर्षांचा असताना एकदा त्याने वर्गात खडू मोडला. गुरुजींनी रागावण्याऐवजी त्याला समोर बसवले आणि म्हणाले, याचे आणखी दोन कर. त्याने केले. आणखी दोन कर. करता करता खडूची पूड झाली, ती बोटांना चिकटली, आणि मुलाने विचारले, “गुरुजी, ह्याच्या पुढे काय? शेवटी काय उरतं?” गुरुजींनी प्रामाणिकपणे सांगितले, “मला ठाऊक नाही. तू शोधून काढ आणि मला येऊन सांग.” वर्गातली बाकीची मुले ते संध्याकाळपर्यंत विसरली. या एका मुलाने मात्र त्यात पस्तीस वर्षे घातली.

गेल्या महिन्यात गुरुजी ओसरीच्या पायरीवरून पडले. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, त्यात दुखावलेला गुडघा. बातमी कळल्यापासून मुरलीधरला झोप लागेना. मागच्या वर्षी आई गेल्यापासून तो घरात एकटाच होता. त्याने आईची खोली झाडून घेतली, खिडकीपाशी खाट टाकली, डोळ्यांच्या डॉक्टरांशी बोलून ठेवले, आणि चार दिवसांची रजा टाकून तो माळावर आला. रविवारी दुपारी तीनच्या एसटीने गुरुजींना घेऊन परतायचे, एवढाच बेत होता.

गुरुवारी संध्याकाळी तो पोहोचला आणि शुक्रवारी सकाळी त्याने जे पाहिले त्याने त्याचा निश्चय अधिकच पक्का झाला. ही तीन म्हातारी माणसे उठल्यापासून भांडत होती. चहात आले जास्त पडले यावरून एक, दाजीबांनी चूल विझवली की आपोआप विझली यावरून दुसरे. मग अनसूयाबाई गुरुजींना वर्तमानपत्र वाचून दाखवायला बसल्या.

“मधली ओळ गाळलीत तुम्ही,” गुरुजी म्हणाले.

“तुमाला दिसत न्हाई, मग गाळलेलं कसं दिसलं?”

“वाक्य लंगडलं, त्यावरून.”

“कोण लंगडलं?” पलीकडून दाजीबांनी विचारले. त्यांना ऐकू कमी येई. गुरुजी त्यांच्या कानाशी तोंड नेऊन ओरडले, “वाक्य.” त्यावर दाजीबा म्हणाले की एवढ्याशा गोष्टीसाठी कानात ओरडायचे कारण नव्हते, आणि त्यावरून तिसरे भांडण निघाले.

मुरलीधर शास्त्रज्ञ होता, आणि शास्त्रज्ञाला काही खुपले की तो मोजायला बसतो. त्याने खिशातली वही काढली आणि वेळ, विषय, भांडणारी माणसे असे तीन रकाने आखले. दुपारच्या जेवणापर्यंत त्यात सतरा नोंदी झाल्या होत्या. ऐंशीच्या घरातल्या माणसाला, तेही डोळ्यांनी अधू असलेल्याला, अर्ध्या दिवसात सतरा भांडणे. वही दाखवली की गुरुजींनाच पटेल, असे त्याला मनापासून वाटले. विद्वान माणसाचा भाबडेपणा पाहिला की मला नेहमी माया वाटते. तो चूक करतो तीसुद्धा किती नीटनेटकी करतो.

जेवणानंतर सगळे ओसरीवर बसले. गुरुजींनी हाताने चाचपून मुरलीधरचा खांदा शोधला आणि म्हणाले, “हं, आता सांग. खडूच्या शेवटी काय उरतं?”

गुरुजी विसरले नव्हते. त्याने मोठमोठ्या सभांमध्ये भाषणे केली होती, पण इतका घाबरला तो पहिल्यांदाच. त्याने खडूपासून सुरुवात केली. खडूचे कण, कणांचे अणू, अणूच्या पोटात केंद्रक, केंद्रकात प्रोटॉन. “आणि प्रोटॉनच्या आत तिघं असतात, गुरुजी. त्यांना क्वार्क म्हणतात. तिथून पुढं फोडता येतं, असं अजून तरी कुणाला आढळलेलं नाही.”

“तिघं,” गुरुजी म्हणाले. “त्यातला एक बाहेर काढून दाखवलास तर बरं होईल. निदान बोटाला लागेल.”

“तेच तर होत नाही. एकटा क्वार्क आजवर कुणाच्या हाती आलेला नाही.”

“का? फार घट्ट बांधलेले असतात?”

“गंमत अशी आहे की जवळ असताना ते अगदी मोकळे असतात. जणू एकमेकांशी संबंधच नाही. चुंबकापासून खिळा लांब नेला की चुंबकाची ओढ कमी होते ना? यांची ओढ अंतर वाढलं म्हणून सुटत नाही. जितकं लांब न्याल तितके कष्ट वाढत जातात.”

“आणि कुणी हट्टाने ओढलंच तर?”

“तर मधला ताण तुटतो. पण तुटताना, ओढण्यात घातलेल्या कष्टांतूनच नवा जोडीदार जन्माला येतो आणि निघालेल्याला येऊन बिलगतो. आपण एकाला बाहेर काढायला जावं, तर हाती जोडी येते.”

आत्तापर्यंत वाती वळत बसलेल्या अनसूयाबाई म्हणाल्या, “म्हंजे लेकीला एकलीला माहेराला आणाय जावं आन् जावई संगं यावा, तसंच की.”

“अगदी तसंच, बाई,” मुरलीधर म्हणाला. पस्तीस वर्षांत इतके सोपे त्याला कुणी सांगितले नव्हते.

गुरुजींनी मध्येच सगळे दाजीबांच्या कानात सांगितले. दाजीबांनी थोडा विचार केला आणि नेमका प्रश्न विचारला, “तिघांचं वजन किती?”

“तीच तर खरी नवलाची गोष्ट आहे. समजा प्रोटॉनचं वजन शंभर. तर तिन्ही क्वार्कचं मिळून जेमतेम एक.”

“आणि नव्याण्णव?” गुरुजींनी विचारले.

“ते कुठल्याच वस्तूचं नाही. तिघांची सतत चाललेली धावपळ आणि एकमेकांना धरून ठेवणं, त्यातली जी ऊर्जा असते, तीच आपल्याला वजन म्हणून जाणवते. हा खडू, ही ओसरी, आपण स्वतः, यांचं बहुतेक सगळं वजन त्या धरून ठेवण्याचं आहे.”

गुरुजींच्या चेहऱ्यावर, एखादे अवघड गणित मुलाने न चुकता सोडवल्यावर येई तसे समाधान होते. मग ते म्हणाले, “छान सांगितलंस. आता दुसरं काय मनात आहे ते बोल. सकाळपासून वही लपवतो आहेस असं अनसूयाबाई सांगत होत्या.”

मुरलीधरने वही दाखवलीच नाही. त्याला एकदम संकोच वाटला. त्याने नुसते सांगितले की आईची खोली रिकामी आहे, डॉक्टर ओळखीचे आहेत, पुस्तके मोठ्याने वाचून दाखवायला तो स्वतः आहे, आणि गुरुजींनी आता त्याच्याकडे राहावे. नकार येईल म्हणून त्याने उत्तरेही तयार ठेवली होती.

गुरुजी म्हणाले, “येतो.”

तयार उत्तरे जागच्या जागी राहिली. अनसूयाबाईंच्या हातातली वात अर्धवट वळलेली राहिली. दाजीबांना कानात सांगायला या वेळी कुणी पुढे झाले नाही, पण त्यांनी दोघांचे चेहरे पाहिले आणि त्यांना ऐकू आले.

“दोनच कामं आहेत,” गुरुजी म्हणाले. “विहिरीचा दोर जुना झालाय. जाण्याआधी आम्ही तिघं नवा वळू. आणि मुरली, उद्या तू त्या जुन्या दोरातला एक पेड सोडवून माझ्या पिशवीत ठेव. आठवण म्हणून. बाकीचे दोन तसेच राहू देत. या दोघांना पाणी ओढायचं आहे.”

तीन पेडांच्या दोरातला एक पेड काढून नेण्याची ही कुठली आठवण, हे मुरलीधरला कळेना. वयाचा परिणाम असावा असे त्याला वाटले, आणि असे वाटल्याबद्दल वाईटही वाटले.

शनिवारची सकाळ उजाडली ती शांत. चहात आले किती पडले याविषयी कुणी काही बोलले नाही. अनसूयाबाईंनी वर्तमानपत्र वाचले, ओळी गाळल्या, आणि गुरुजींनी गाळू दिल्या. दाजीबांनी “काय लिहिलंय?” म्हणून विचारले नाही, म्हणून गुरुजींनाही त्यांच्या कानाशी जावे लागले नाही. जेवताना अनसूयाबाईंचे हात नेहमीप्रमाणे थरथरत होते. रोज त्यांच्या हातातले जड पातेले दाजीबा न विचारता उतरवून घेत आणि त्याबद्दल बोलणी खात. आज त्यांनी उतरवले आणि बाई गप्प राहिल्या. गुरुजींनी अर्धी भाकरी ताटात टाकली, तरी त्यांना कुणी रागावले नाही.

मुरलीधरने सवयीने वही उघडली. दुपारपर्यंतची नोंद शून्य होती. हेच तर त्याला हवे होते. मग घरात माणूस गेल्यासारखे का वाटावे, हे काही त्याला समजेना.

जेवण झाल्यावर तो विहिरीपाशी जुना दोर घेऊन बसला. दोर लांब होता आणि वर्षानुवर्षे पाणी पिऊन कडक झाला होता. एक पेड उलगडत उलगडत सोडवायला त्याला दीड तास लागला, बोटांची साले निघाली. शेवटी तो पेड मोकळा झाला तेव्हा मुरलीधरने तो जमिनीवर सरळ पसरला. पेड सरळ होईना. ओढून धरला की सरळ होई, सोडला की पुन्हा नागमोडी. जिथे जिथे दुसरे दोन पेड त्याला टेकत होते, तिथे तिथे त्याला बाक आला होता. ते दोघे आता नव्हते, पण त्यांची जागा त्याने अंगात धरून ठेवली होती.

मुरलीधर त्या पेडाकडे पाहत राहिला. मग त्याने तो गुंडाळून ठेवला आणि उरलेले दोन पेड हाताने जमतील तसे परत वळले. वरून ते दोरासारखेच दिसत होते. बाईंना संध्याकाळचे पाणी काढून द्यावे म्हणून त्याने त्याला पोहरा बांधला आणि विहिरीत सोडला. भरलेला पोहरा निम्म्यावर आला आणि गरगर फिरायला लागला. दोन पेडांचा पीळ सुटत गेला, दोर लांबला, पोहरा कठड्याखालच्या दगडावर आपटला, आणि एक पेड तटकन तुटला. दुसऱ्याला एवढे वजन पेलवले नाही. पोहरा तळाला गेला.

तो बाईंचा तीस वर्षांचा तांब्याचा पोहरा होता. अनसूयाबाई धावत आल्या, विहिरीत वाकून पाहिले, मुरलीधरच्या हातातल्या तुटक्या दोराकडे पाहिले, आणि त्याला म्हणाल्या, “असूंद्या.” एरवी त्यांनी त्याच्या सात पिढ्यांची आठवण काढली असती. त्या ‘असूंद्या’ने तो जितका ओशाळला तितका कुठल्याही शिवीने ओशाळला नसता. लहानपणी त्या त्याला ‘मुडद्या’ म्हणत. आता त्यांनी पाहुण्याशी बोलावे तसे उत्तर दिले होते.

रविवारी सकाळी नवा दोर वळायला घेतला. आडव्या फळीला तीन लोखंडी आकडे होते, प्रत्येकाला मागून एक मूठ. एकेका आकड्याला वाखाचा एकेक पेड अडकवायचा आणि तिघांनी तीन मुठी फिरवायच्या. तिन्ही पेडांची दुसरी टोके एकत्र करून एका चौथ्या माणसाने धरायची. शाळा चालू होती तोवर हे चौथे टोक धरायला मुलांची रांग लागत असे. हल्ली दाजीबा तिथे दगड लादलेली एक फळी बांधत, आणि दगडाला पुढे कधी यायचे हे कळत नसल्यामुळे दोर कुठे सैल तर कुठे करकरीत होई.

“चौथं टोक तू धर,” गुरुजी म्हणाले, आणि हाताने चाचपत आपल्या मुठीपाशी जाऊन बसले.

मुरलीधर तीस पावलांवर जाऊन उभा राहिला. मुठी फिरू लागल्या. पेडांत पीळ भरत गेला तशी त्याच्या हाताला ओढ लागली. दोर मजबूत व्हायचा तर टोक घट्ट धरले पाहिजे, असे त्याने मनाशी ठरवले, टाचा मातीत रोवल्या आणि अंग मागे टाकले. थोड्याच वेळात मधला पेड तुटून सपकन त्याच्या मनगटावर बसला.

दाजीबांनी मूठ थांबवली. ते तीस पावले चालत आले, तुटलेला पेड हातात घेऊन पाहिला, त्यात नवा वाख मिसळून सांधा केला. मग मुरलीधरच्या मनगटावरचा वळ अंगठ्याने चोळत म्हणाले, “वढून धरू नको, लेकरा. पीळ बसंल तसा दोर आखडतो. त्यो बोलावतो तसं एकेक पाऊल पुढं यायचं. लई ताणलं तर तुटतो. आन् पळत आलास तर गुंता व्हतो.”

पुन्हा मुठी फिरल्या. या वेळी मुरलीधरने टाचा रोवल्या नाहीत. ओढ वाढली की तो एक पाऊल पुढे येई, मग थांबे, मग पुन्हा एक पाऊल. तिन्ही पेड एकमेकांभोवती बसत येत होते. पलीकडून आवाजही येऊ लागले होते. गुरुजी मूठ हळू फिरवतात असे बाई म्हणत होत्या, आणि बाईंचा हात थरथरतो म्हणून पेड असमान होतो असे गुरुजी म्हणत होते. दोन दिवसांत पहिल्यांदाच कुणी कुणाला काही बोलत होते. दोर पूर्ण झाला तेव्हा मुरलीधर दहा पावले पुढे आला होता. उरलेली वीस त्याने दोराची वेटोळी हातावर घेत चालून काढली आणि तो तिघांच्या समोर येऊन उभा राहिला.

गुरुजींनी दोरावरून हात फिरवला. “चांगला झालाय,” ते म्हणाले. “पेड ठेवलास पिशवीत?”

“ठेवला. पण गुरुजी, तो सरळ होत नाही.”

“माहीत आहे मला.” गुरुजी फळीला टेकून बसले. “मुरली, तू मला न्यायला आलास यात काडीचीही खोट नाही. पण तू मला मोजलंस ते एकट्याला. मोतीबिंदू माझा, गुडघा माझा, आणि बाईंनी चोरून वाचलेली तुझ्या वहीतली सतरा भांडणं म्हणजे माझ्यावर बसलेली धूळ. ती झटकली की आतून स्वच्छ गुरुजी निघतील, असं तुला वाटलं. बाईंचे डोळे मला लागतात, दाजीबांना माझा आवाज लागतो, आणि बाईंना दाजीबांचे हात. त्यातून जी धुसफूस होते ती तू लिहून घेतलीस. आता मला या दोघांपासून वेगळं काढून काट्यावर ठेवलंस, तर शंभरातला एखादा भाग भरेल. बाकीचे नव्याण्णव कुठे असतात, हे परवा तूच आम्हाला शिकवलंस. खडूच्या शेवटी काय उरतं, हे तुझ्या तोंडून ऐकायला मी पस्तीस वर्षं थांबलो होतो. एकटं असं काही उरतच नाही, हे ऐकून माझा जीव निवला.”

मुरलीधरने खाली पाहत विचारले, “मग ‘येतो’ असं का म्हणालात?”

“नाही म्हणालो असतो तर तू वाद घातला असतास. प्रयोग केल्याखेरीज तुझा विश्वास बसत नाही, मीच लावलेली खोड आहे ती. आणि खरं सांगू? तू तुझ्या घराचं वर्णन करत होतास तेव्हा त्यात तुझ्याशी बोलणारं एकही माणूस आलं नाही. माझा जीव तुटला. तू नेलं असतंस तर मी आलो असतो.”

तिघेही त्याच्याकडे पाहत होते. गुरुजींना दिसत नव्हते, तरी तेही पाहत होते. मुरलीधर आई गेल्यापासून जे कुणाजवळ बोलला नव्हता ते सहज बोलून गेला. “गुरुजी, मी अजून सकाळी दोन कप चहा टाकतो. एक कप ओतून देतो.”

अनसूयाबाईंनी पदराने डोळे पुसले. दाजीबांना कानात सांगायला हवे होते, पण गुरुजींना ते सांगवेना. म्हणून बाईच उठल्या आणि दाजीबांच्या कानाशी जाऊन दोन शब्द बोलल्या. दाजीबांनी मान हलवली. मग ते आत गेले आणि गुरुजींची पिशवी घेऊन आले. पिशवीतला तो नागमोडी पेड त्यांनी काढला आणि मुरलीधरच्या हातात ठेवला. म्हणाले, “ह्यो तुज्यापाशी असूंदे. दिवाळीनंतर नवा वाख यील, तवा चौथं टोक धराय ये.”

“त्या आधी डोळ्यांचं ऑपरेशन व्हायला हवं,” मुरलीधर म्हणाला. काही झाले तरी तो ते सोडणार नव्हता.

“करू की,” गुरुजी म्हणाले. “पंधरा दिवस येतो तुझ्याकडे. मात्र आईच्या खोलीत तीन खाटा मावतात का ते बघून ठेव. तू एकाला ओढशील तर हाती काय येईल, हे तुझ्याच शास्त्रात लिहिलंय.”

मुरलीधर हसला, आणि हसता हसता त्याच्या लक्षात आले की तो मनातल्या मनात खोलीची लांबी मोजू लागला आहे. तिसरी खाट दाराआड टाकावी लागली असती. वर्तमानपत्र मोठ्याने वाचले जाईल, शेजारचे तक्रार घेऊन येतील, आणि सकाळी चहा चार कप लागेल. ओतून द्यायला एकही उरणार नाही, हे कळल्यावर त्याला फार बरे वाटले.

तीनच्या एसटीसाठी तो एकटाच निघाला. गुरुजी ओसरीच्या खांबाला धरून उभे होते. तो पायरी उतरला आणि मागून अनसूयाबाईंचा खणखणीत आवाज आला.

“मुडद्या, पोहरा बुडवून तसाच चाललास व्हय? तीस वर्सं जपलेला माजा तांब्याचा पोहरा. दोन पेडांच्या दोराला कुणी भरला पोहरा बांधतं का? एवडा शिकून काय उजेड पाडलास? पुढल्या येळंला गळ घिऊन ये आन् काढून दे, न्हाईतर जेवाय वाढायची न्हाई.”

“बाई, दोर सोडवायला मला गुरुजींनीच सांगितलं होतं,” मुरलीधर म्हणाला.

“त्यांचं नाव सांगू नको. त्यांचं मी बघते मागनं.”

“मला का मध्ये ओढता?” गुरुजी म्हणाले, आणि दाजीबांनी विचारले, “कुणाला ओढलं?”

मुरलीधर माळावरून खाली आला, एसटीत खिडकीपाशी बसला आणि खिशातली वही काढली. हातात तो वाकडा पेड होता, तो त्याने मांडीवर ठेवला. शनिवारच्या शून्याखाली त्याने वेळ लिहिली, विषयाच्या रकान्यात ‘पोहरा’ लिहिले. भांडणाऱ्या माणसांच्या रकान्यात अनसूयाबाई, गुरुजी आणि दाजीबा अशी तीन नावे लिहून तो क्षणभर थांबला. मग त्याने त्यांच्याखाली स्वतःचे नाव लिहिले.